गणपती दूध प्यायला त्या दिवशी एकाच बिल्डिंगमध्ये इतकी वेगवेगळी उत्तरं कशी निघाली?

चमत्काराची बातमी आली की माणसं दोनच गटांत पडतात असं आपण धरून चालतो, एक भोळे आणि एक हुशार, आणि मग सोसायटीच्या ग्रुपवर त्या दोघांची रात्री बारापर्यंत भांडणं चालतात. मला हे दोन गटांचं चित्रच चुकीचं वाटतं. माणूस चमत्काराला काय उत्तर देतो हे त्याच्या शिक्षणावरून फारसं कळत नाही, तो त्या वेळी कुठे उभा होता, शेजारी कोण होतं आणि त्याच्या मनात आधीपासून काय अडकलेलं होतं यावरून खूप जास्त कळतं. हे नीट समजून घ्यायचं तर २१ सप्टेंबर १९९५ सारखा दिवस नाही.

ज्यांना तो दिवस आठवत नाही किंवा जे तेव्हा जन्मलेच नव्हते त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. गुरुवार होता, पितृपक्ष चालू होता, म्हणजे सण वगैरे काही नाही, गणपतीचं विसर्जन होऊन दोन आठवडेही झाले नव्हते. दिल्लीत पहाटे बातमी सुटली की देवळातला गणपती चमच्याने दूध पितोय, आणि दुपार व्हायच्या आत ती मुंबई-ठाण्यात आणि तिथून थेट लंडनच्या साउथॉलमधल्या देवळापर्यंत पोचली. भारतात मोबाइल सेवा त्याच वर्षी जेमतेम सुरू झाली होती आणि सामान्य माणसाच्या हातात फोन नव्हताच, म्हणजे हे सगळं लँडलाइन, एसटीडी बूथ आणि टीव्हीवर झालं. आम्ही ठाण्यात नौपाड्याला राहायचो, मी शाळेत होते, वाशीच्या मावशीचा फोन आला की इकडे डेअरीवर दूध संपलंय, तुमच्याकडे असेल तर लवकर जा. गल्लीतल्या देवळाबाहेर रांग पार नाक्यापर्यंत गेली होती, प्रत्येकाच्या हातात वाटी किंवा पेला, आणि संध्याकाळी बऱ्याच घरांत चहाला दूध नव्हतं.

आधी दुधाचं काय झालं ते बघू, कारण ते कळल्याशिवाय माणसांचं कळणार नाही. कुठल्याही द्रवाचे कण एकमेकांना धरून ठेवतात, त्यामुळे त्याच्या वरच्या थराला एक ताण येतो, त्याला पृष्ठताण म्हणतात. चमचा काठोकाठ भरला की दूध काठाच्या किंचित वर फुगून उभं राहतं ते याच ताणामुळे. हा फुगवटा दगडाच्या सोंडेला टेकला की दगड दुधाला स्वतःकडे ओढतो, फुगवटा फुटतो आणि दूध अगदी पातळ थर होऊन मूर्तीच्या अंगावरून खाली उतरायला लागतं. चमचा धरणाऱ्याचा हात नकळत कणभर तिरका होत जातो, आपण मुद्दाम करत नाही पण होतो, आणि चमचा रिकामा होतो. संगमरवर पांढरा, दूध पांढरं, थर पातळ, शिवाय सगळ्यांची नजर सोंडेच्या टोकावर, त्यामुळे खालचा ओघळ कुणी बघतच नाही. पहिल्या पाच-दहा लोकांनी दगड ओला केला की पुढच्यांचं दूध अजून पटकन जातं. दिल्लीत सरकारी विज्ञान खात्याच्या शास्त्रज्ञांनी दुधात रंग घालून बघितलं, तेव्हा रंगीत ओघळ मूर्तीवरून खाली येताना सरळ दिसला.

म्हणजे ‘कसं झालं’ याचं उत्तर चोवीस तासांच्या आत मिळालं होतं आणि ते चांगलं उत्तर होतं. तरीही आमच्या बिल्डिंगमध्ये लोकांची मतं काही एक झाली नाहीत, आणि मला खरा रस इथे आहे.

आमची आजी रांगेत उभी राहिली, बराच वेळ, गुडघे दुखत असताना, आणि तिच्या चमच्यातलं दूध गेलं. ती घरी आली तेव्हा रडत होती, आनंदाने. समोरच्या ब्लॉकमधले एक सर शाळेत विज्ञान शिकवायचे, पृष्ठताणाचा धडा त्यांनी स्वतः शेकडो मुलांना शिकवला असेल, ते पण जाऊन आले आणि म्हणाले की हे काहीतरी वेगळं आहे. माझे मोठे काका वागळे इस्टेटला एका कंपनीत फिटर होते, दहावीच्या पुढे शिकलेले नाहीत, पण आयुष्यभर तेल कुठून गळतंय हे शोधण्यात गेलेलं, ते देवळात गेल्या गेल्या सोंडेकडे न बघता खाली वाकून मूर्तीच्या पायाशी बघायला लागले, आणि तिथे नाल्याच्या तोंडाशी दूध साचलेलं त्यांना दिसलं. तळमजल्यावर एक माळकरी आजोबा राहायचे, दर वर्षी वारी करणारे, ते गेलेच नाहीत. त्यांना कुणीतरी विचारलं तर म्हणाले, त्याने दूध घेतलं तरी तो देव आणि नाही घेतलं तरी देवच, त्यात बघायला काय जायचं.

आता यात भोळं कोण आणि हुशार कोण, ते लावून बघा. विज्ञानाचे सर एका बाजूला, फिटर काका दुसऱ्या बाजूला, आणि बिल्डिंगमधला सगळ्यात श्रद्धाळू माणूस घरी बसलेला. सरांना माहिती होती पण ती धड्यात होती, काकांकडे धडा नव्हता पण बघायची सवय होती. गळती दिसते तिथे ती नसते, ती नेहमी वर कुठेतरी सुरू होते आणि खाली कुठेतरी साचते, हे त्यांच्या हाडात होतं, म्हणून नजर आपोआप खाली गेली.

माझे वडील पण देवळात गेले होते आणि ते काहीच बोलले नाहीत. मग रात्री जेवताना काकांनी नाल्याचं सांगितलं तेव्हा वडील हळूच म्हणाले की मला पण ओघळ दिसला होता. म्हणजे दुपारपासून त्यांना माहीत होतं! अशा गप्प बसण्यावर मानसशास्त्रात एक फार प्रसिद्ध प्रयोग आहे. सॉलोमन ॲश नावाच्या अमेरिकेतल्या मानसशास्त्रज्ञाने १९५१ च्या सुमारास तो केला. एका खोलीत काही जणांना बसवून एक रेघ दाखवायची आणि विचारायचं की बाजूच्या तीन रेघांपैकी हिच्याएवढी कुठली. उत्तर इतकं सोपं की एकट्याला विचारलं तर माणूस जवळपास कधीच चुकत नाही. पण खोलीतले बाकीचे सगळे ॲशचे आधीच ठरवून आणलेले लोक होते आणि ते एकमुखाने चुकीचं उत्तर द्यायचे. मग जो एकटा खरा माणूस होता तो काय करायचा, तर सुमारे एक तृतीयांश वेळा डोळ्यांसमोर बरोबर उत्तर दिसत असताना सगळ्यांसारखं चुकीचं उत्तर द्यायचा, आणि चारातल्या तिघांनी निदान एकदा तरी असं केलं. या प्रयोगातला मला सगळ्यात महत्त्वाचा वाटणारा भाग मात्र लोक सहसा सांगत नाहीत. खोलीतल्या एकाने जरी बरोबर उत्तर दिलं, फक्त एकाने, तरी खऱ्या माणसाचं असं वाहवत जाणं एकदम कमी व्हायचं. माझ्या वडिलांना काकांचं एक वाक्य पुरलं ते यामुळे. आणि देवळातल्या त्या रांगेत ओघळ दिसलेले पण गप्प राहिलेले आणखी किती असतील याचा विचार करा, प्रत्येकाला वाटत असणार की आपण एकटेच.

सरांचं काय झालं असेल यावर मी पुष्कळ विचार केलाय कारण ते खरोखर चांगले शिक्षक होते. मला वाटतं दोन गोष्टी झाल्या. एक तर ते दोन तास रांगेत उभे होते. इलियट ॲरन्सन आणि जडसन मिल्स यांनी १९५९ मध्ये दाखवलं की एखाद्या गोष्टीसाठी आपण जितका त्रास सोसतो तितकी ती गोष्ट आपल्याला जास्त मोलाची वाटायला लागते, अगदी ती गोष्ट स्वतः रटाळ असली तरी. दोन तास उभं राहून ‘अरे हे तर साधं ओघळणं आहे’ असं स्वतःशी कबूल करणं जड जातं, कुणालाही. दुसरं म्हणजे त्यांनी तपासून बघितलं असं त्यांना प्रामाणिकपणे वाटत होतं, चमचा लावला, दूध गेलं, झाला की प्रयोग. पण हा तपास अर्धाच आहे. पीटर वेसन या मानसशास्त्रज्ञाने १९६० मध्ये लोकांना २, ४, ६ असे तीन आकडे दिले आणि सांगितलं की यामागचा नियम ओळखा, तुम्ही तुमचे तीन आकडे सांगायचे, ते नियमात बसतात की नाही ते मी सांगेन. लोकांच्या मनात लगेच यायचं की दोन-दोनने वाढतायत, मग ते ८, १०, १२ सांगायचे, उत्तर हो, २०, २२, २४ सांगायचे, उत्तर हो, आणि खात्रीने म्हणायचे नियम सापडला. खरा नियम होता फक्त चढते आकडे, कुठलेही. ५, ९, ४० चालले असते, पण ते विचारायला फारसं कुणी जायचं नाही, कारण आपल्याला जे पटलंय ते मोडू शकेल असा प्रश्न विचारायची माणसाला सवयच नसते. त्या गुरुवारी सगळ्या ठाण्यात लोकांनी गणपतीला दूध लावून बघितलं, पाट्याला, उंबऱ्याला, मोरीच्या दगडाला कुणी लावलं का? ते लावलं असतं तर तिथेही दूध गेलं असतं.

काकांनी दुसऱ्या दिवशी सकाळी तेच केलं. शुक्रवारी बऱ्याच ठिकाणी मूर्तींचं दूध पिणं थांबलं होतं पण दूध पुन्हा मिळायला लागलं होतं. घरचा वरवंटा उभा धरला, दुधात चिमूटभर हळद घातली आणि चमचा काठोकाठ भरून टेकवला, आणि पिवळा ओघळ सगळ्यांसमोर खाली आला. आम्ही मुलं ओरडलो. आजीने शांतपणे बघितलं आणि म्हणाली, मग काय झालं, दूध असं चढतं-उतरतं हे पण त्यानेच केलंय ना, आणि काल माझ्या हातून गेलं ते गेलंच.

आजीच्या या उत्तरावर लोक वैतागतात, म्हणतात बघा एवढं समजावून पण पटत नाही. मला तसं वाटत नाही. आजी ओघळ नाकारत नव्हती, तिने तो बघितला होता. काका ‘कसं झालं’ याचं उत्तर देत होते आणि आजी ‘माझ्या वाट्याला काय आलं’ हे सांगत होती. आजोबा जाऊन तेव्हा फार दिवस झाले नव्हते, घरात ती गप्प गप्प असायची, आणि त्या दिवशी तिला वाटलं की कुणीतरी आपल्या हातचं घेतलं. पृष्ठताण सांगून हे खोटं पडत नाही, कारण तो दुधाबद्दल आहे आणि ती स्वतःबद्दल बोलत होती. हे दोन प्रश्न वेगळे ठेवले तर घरातली निम्मी भांडणं होणारच नाहीत असं माझं स्पष्ट मत आहे.

पण म्हणजे मग कुणी काहीही मानावं, काय बिघडतं, असं मी अजिबात म्हणत नाही. बिघडतं. त्याच बिल्डिंगमध्ये दुसऱ्या मजल्यावरच्या काकू होत्या, लग्नाला बरीच वर्षं झालेली, मूल नव्हतं. त्यांच्या चमच्यातलं दूध गेलं नाही. रांगेतल्या सगळ्यांचं जात होतं आणि त्यांचं नाही. मागून कुणीतरी म्हणालं, असू दे, तुम्ही बाजूला व्हा, दुसऱ्यांना येऊ द्या. त्या घरी आल्या आणि कितीतरी दिवस कुणाशी नीट बोलल्या नाहीत, आईला फक्त एवढंच म्हणाल्या की माझंच काहीतरी चुकत असणार. कारण काय होतं, तर हात थरथरत होता, चमच्यातलं निम्मं दूध आधीच सांडलं होतं, आणि चमचा काठोकाठ भरलेला नसला की दुधाचा फुगवटा दगडाला टेकतच नाही. इतकं साधं. मूर्तीला तेल-शेंदूर लावलेला असेल तरी तसंच होतं, तेलकट दगडावर दूध नीट धरत नाही, त्याचे थेंब होऊन राहतात. चमत्काराच्या गोष्टी सांगताना ज्यांना मिळालं त्यांच्या गोष्टी सांगितल्या जातात, ज्यांना नाही मिळालं ते तोंड बंद करून घरी जातात. काकांचा वरवंटा आजीसाठी नव्हताच मुळी, तो या काकूंसाठी होता. आईने त्यांना वर बोलावून दाखवलं, अर्धा चमचा आणि भरलेला चमचा, दोन्ही. त्यांनी स्वतःच्या हाताने करून बघितलं, पुन्हा पुन्हा.

म्हणून मला खरं कारण शोधणारी माणसं कोरडी किंवा देवाच्या विरोधातली वाटत नाहीत. कारण माहीत असलं की ज्याच्यावर उगाच दोष आला त्याच्या डोक्यावरचा तो दोष उतरतो.

कधी कधी प्रश्न थेट जिवाचा पण होतो. ऑगस्ट २००६ मध्ये, १८ तारखेच्या रात्री, माहीमला समुद्राचं पाणी गोड झालं अशी बातमी आली, तिथल्या दर्ग्यातल्या मखदूम शाह बाबांची कृपा म्हणून सगळ्या धर्मांचे लोक किनाऱ्यावर जमले, पाणी प्यायले, बाटल्या भरून घरी नेल्या, लहान मुलांना पाजलं. भर पावसाळा होता, माहीमलाच मिठी नदी समुद्राला मिळते, आणि पावसाचं गोडं पाणी खाऱ्या पाण्यापेक्षा हलकं असल्यामुळे काही वेळ वरच्या थरात तरंगत राहतं, त्यामुळे खारटपणा कमी लागतो. पण मिठीत शहरभरचं सांडपाणी आणि कारखान्यांचं पाणी येतं हे मुंबईत कुणाला माहीत नाही? सरकारी यंत्रणांनी पिऊ नका म्हणून सांगितलं तरी लोक पीत होते. पुढच्या दोन-तीन दिवसांतच पुन्हा ठिकठिकाणी मूर्ती दूध पितायत अशी बातमी आली, म्हणजे १९९५ चं उत्तर अकरा वर्षांत लोकांच्या लक्षात राहिलं नव्हतं. इथे मला आजीसारखा हळुवारपणा दाखवता येत नाही. कुणी तुमच्या मुलाला गटारमिश्रित पाणी पाजत असेल तर पेला हातातून काढून घ्यायचा, चर्चा नंतर.

अजून एक प्रकारचा चमत्कार आपल्याकडे रोज घडतो, तो म्हणजे लोकल. कुणीतरी गाडीखाली गेला आणि दोन रुळांच्या मधे पडल्यामुळे वाचला, व्हिडिओ येतो, खाली देव तारी त्याला कोण मारी. वाचलेल्या माणसाने आणि त्याच्या आईने हे म्हणावं, मी त्यांच्या जागी असते तर मी पण म्हटलं असतं. बाकीच्यांनी मात्र एक हिशेब डोळ्यांसमोर ठेवावा. जॉन लिटलवुड नावाचे केंब्रिजचे गणितज्ञ होते, त्यांच्या नावाने एक हिशेब सांगतात, की माणूस दिवसातले आठ तास नीट जागरूक असतो आणि सेकंदाला एक काहीतरी बघतो-ऐकतो असं धरलं, तर साधारण ३५ दिवसांत दहा लाख घटना होतात, म्हणजे दहा लाखांत एक इतकी दुर्मीळ गोष्ट प्रत्येकाच्या आयुष्यात महिन्याभरात एकदा घडायलाच पाहिजे. आता मुंबई-ठाण्याच्या लोकलने रोज लाखो माणसं येतात-जातात. एवढ्या गर्दीत अशक्य वाटणारी सुटका अधूनमधून होणारच. पण याच उपनगरी रेल्वेवर वर्षाला दोन हजारांहून जास्त माणसं मरत आली आहेत, आणि त्यांचे व्हिडिओ देवाच्या नावाने फिरत नाहीत. ९ जून २०२५ ला मुंब्र्याजवळच्या वळणावर दारात लटकलेली माणसं पडली, किमान चार जण गेले, त्यांच्या घरच्यांनी देवाचं काय कमी केलं होतं? वाचण्याला चमत्कार म्हणून थांबलो की दारात लटकावं का लागतं हा प्रश्न तसाच राहतो, म्हणून मला हे महत्त्वाचं वाटतं.

आठवणीबद्दल पण सांगायला हवं, कारण या सगळ्या गोष्टी शेवटी आठवणीतूनच सांगितल्या जातात. जानेवारी १९८६ मध्ये अमेरिकेचं चॅलेंजर अवकाशयान फुटलं, तेव्हा उल्रिक नायसर या मानसशास्त्रज्ञाने दुसऱ्याच दिवशी विद्यार्थ्यांकडून लिहून घेतलं की तुम्हाला बातमी कुठे, कशी कळली. काही वर्षांनी त्याच विद्यार्थ्यांना परत विचारलं तर बऱ्याच जणांनी वेगळंच सांगितलं, आणि ते पण अगदी छातीठोकपणे, स्वतःच्या हस्ताक्षरातला जुना कागद दाखवला तरी काहींना तो पटेना. हे लोक खोटं बोलत नव्हते. त्यामुळे ‘मी माझ्या डोळ्यांनी बघितलं’ असं कुणी तीस वर्षांनी सांगितलं तर तो माणूस खोटारडा आहे असं म्हणायची गरज नाही आणि ते जसंच्या तसं घडलं असं धरायची पण गरज नाही.

आता सोसायटीच्या ग्रुपवर उद्या असा काही व्हिडिओ आला तर काय करायचं. ‘अडाणी आहात’ असं लिहिलं की संपलं, पुढचं कुणी वाचत नाही, उलट ज्याला थोडी शंका होती तो पण चिडून तिकडे जातो. स्पष्टीकरण हल्ल्यासारखं ऐकू आलं की काय होतं ते २०१२ मध्ये विलेपार्ल्यात दिसलं, तिथे चर्चमधल्या येशूच्या मूर्तीच्या पायातून पाणी ठिबकत होतं, सनल एडामारुकू या बुद्धिवादी कार्यकर्त्याने जाऊन बघितलं आणि तुंबलेल्या गटाराचं पाणी केशाकर्षणाने, म्हणजे बारीक छिद्रांतून आपोआप ओढलं जाऊन, भिंतीतून वर चढतंय असं सांगितलं, तर त्यांच्यावर धार्मिक भावना दुखावल्याच्या तक्रारी झाल्या आणि ते देश सोडून फिनलंडला गेले. गटार तुंबलेलं असेल तर ते साफ करायला पाहिजे एवढंच खरं तर त्यातून निघत होतं. त्यांच्या बाबतीत जे झालं ते अन्यायाचं होतं असं मला वाटतं. तरी घरात, बिल्डिंगमध्ये, ओळखीच्या माणसांत काकांची पद्धत जास्त चालते. चला, आपण दोघं मिळून करून बघू, तुमच्याच हाताने, आणि एक वेळ मूर्तीला लावा तर एक वेळ वरवंट्याला. आणि एवढंच विचारा की काय दिसलं तर तुम्ही म्हणाल की हा चमत्कार नव्हता. हा प्रश्न स्वतःला पण विचारायचा, की काय दिसलं तर मी म्हणेन की मला हे समजत नाही.

पैसा आला की मात्र गोष्ट पूर्ण बदलते. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात खून झाला, आणि ज्या जादूटोणाविरोधी कायद्यासाठी ते वर्षानुवर्षं झगडले तो आधी वटहुकूम म्हणून आणि त्याच वर्षी कायदा म्हणून आला. त्याच्याबद्दल खूप गैरसमज आहेत. पूजा, भजन, कीर्तन, वारी, नवस यांना त्याने हात लावलेला नाही, होऊन गेलेल्या संतांच्या चमत्कारांच्या गोष्टी सांगायलाही त्यात सूट आहे. त्यात जे गुन्हे आहेत त्यातला एक म्हणजे तथाकथित चमत्कार दाखवून पैसे कमावणं आणि लोकांना फसवणं, घाबरवणं. शिक्षा सहा महिने ते सात वर्षं, दंड पाच हजार ते पन्नास हजार. काकूंसारख्या मूल नसलेल्या बाईला कुणी हातातून अंगारा काढून दाखवून एकवीस हजारांची पूजा सांगितली, तर तो या कायद्यात बसतो. त्यासाठी पोलिसांत दक्षता अधिकारी नेमायची तरतूदही याच कायद्यात आहे, तक्रार द्यायला जाताना कायद्याचं नाव आणि २०१३ हे साल कागदावर लिहून न्या, आणि पैसे दिल्याचा यूपीआयचा स्क्रीनशॉट किंवा पावती जपून ठेवा.